भिंतीतलं जास्तीचं वर्ष

पिसाळकाकींच्या मागच्या खोलीतल्या भिंतीला भोक पाडायला सरकारी माणूस येणार होता, त्या दिवशी रेवती मोहितेने हडपसरचं आपलं चष्म्याचं दुकान बंद ठेवलं आणि पहिल्या गाडीने ती नीरेकाठच्या आपल्या जुन्या गावी हजर झाली. तिथे तिचं काही काम नव्हतं. यंत्र भोक पाडणार, प्रयोगशाळा अहवाल देणार, वकीलबाई कागद करणार. पण चौतीस वर्षं ज्या बाईला आपण मनातल्या मनात शिव्या घातल्या, तिचं तोंड भिंत बोलायला लागल्यावर कसं होतं, ते तिला स्वतःच्या डोळ्यांनी पाहायचं होतं.

त्या मागच्या दोन खोल्यांत रेवतीचं लहानपण गेलं. वडील दूध संघात फॅट तपासायचे, आई घरी पापड लाटायची. २०१० साली पिसाळकाकींनी खोल्या परत मागण्यासाठी दावा लावला. भाडेकरूंनी सात महिने कुलूप लावून ठेवलंय, तिथे कोणी राहतच नाही, असं त्यांचं म्हणणं. भाडेकरू सहा महिने राहिला नाही तर घरमालकाला जागा परत मागता यायची. वडिलांनी शपथेवर सांगितलं, आम्ही राहत होतो. काकींनी शपथेवर सांगितलं, कुलूप होतं. कोर्टाने काकींचं खरं धरलं. २०१२च्या मे महिन्यात मोहित्यांची भांडीकुंडी रस्त्यावर आली. वडील एमआयडीसीमागच्या पत्र्याच्या खोलीत कसेबसे दोन वर्षं जगले आणि गेले. “पिसाळीण खोटं बोलली” एवढं एक वाक्य त्यांनी मुलीसाठी मागे ठेवलं. रेवतीने ते एखाद्या दागिन्यासारखं जपलं.

आणि आता २०४६ साली भिंती साक्ष देऊ लागल्या होत्या.

त्यामागचं विज्ञान तसं सोपं आहे. माणूस घरात राहतो म्हणजे सतत थोडा थोडा झडत असतो. कातडीचे कण, केसांचे तुकडे, स्वयंपाकाची काजळी, सगळं भिंतीवर जाऊन बसतं. वरून चुन्याचा हात दिला की ते त्या थराखाली गाडलं जातं. ओला चुना सुकताना खोलीतल्या हवेतला कार्बन डायऑक्साइड ओढून घेतो आणि पुन्हा दगड बनतो. त्या हवेत घरातल्या माणसांचे उच्छ्वास मिसळलेले असतात. ज्वारी-बाजरी खाणाऱ्याच्या उच्छ्वासातला कार्बन गहू-तांदूळ खाणाऱ्यापेक्षा किंचित जड असतो, त्यामुळे घर भाकरीचं होतं की पोळीचं हेसुद्धा चुना सांगतो. कणांमधला डीएनए या दगडाला चिकटून राहतो. त्यावरून खोलीत माणसं किती होती, बाई की पुरुष, एकमेकांच्या नात्यातली की परकी, आणि वयं अंदाजे काय, ते कळतं. राहिला प्रश्न सालाचा. तो आपल्या रीतीनेच सोडवून ठेवला होता. दर दिवाळीला घराला सफेदी करायची. एक थर म्हणजे एक वर्ष. वरून मोजत खाली जायचं, बस्स.

या यंत्राच्या जोरावर नवा कायदा आला होता. ‘राहत नव्हतात’ म्हणून ज्यांची भाड्याची जागा गेली, त्यांनी भिंतीचा अहवाल आणावा आणि जागा परत मागावी. मुदत त्या वर्षाच्या जूनअखेर.

यंत्र चालवणारा मुजावर नावाचा तरतरीत माणूस होता. त्याने भिंतीतून शेवईइतकी बारीक कांडी काढली आणि उजेडात धरली. “बारा थर आहेत, मॅडम. तुम्ही गेल्यावर वरून ऑइलपेंट मारलाय म्हणून आतलं सगळं शाबूत राहिलंय. अशी भिंत क्वचित मिळते.”

पिसाळकाकी अंगणात प्लास्टिकच्या खुर्चीवर बसल्या होत्या. वय त्र्याऐंशी, मान जराशी हलती, पण नजर साफ. रेवती त्यांच्याकडे टक लावून पाहत राहिली. त्यांनी मुजावरला आणि तिला चहा विचारला. मुजावरने घेतला, रेवतीने नको म्हटलं. काकी भिंतीकडे पाहत राहिल्या आणि त्यांच्या तोंडावरची रेघही हलली नाही. गाडीभाडं वाया गेलं असं रेवतीला वाटलं.

*

तीन आठवड्यांनी अहवाल आला तेव्हा बोंद्रे वकीलबाईंनी तिला तातडीने बोलावून घेतलं.

“आंधळा मागतो एक डोळा, असं झालंय तुमचं,” अहवालाची फाईल तिच्यापुढे सारत त्या म्हणाल्या. “२००९ची दिवाळी ते २०१०ची दिवाळी, याच काळातलं भांडण ना? त्या थरात भरपूर वस्ती आहे. एकाच कुटुंबातली चार माणसं, भाकरी खाणारी. म्हणजे कुलूप नव्हतंच. आता फक्त कुठे जायचं ते ठरवा.”

“कुठे म्हणजे?”

“दोन दारं आहेत. वरच्या मजल्यावर भाडे प्राधिकरण. तिथे हा अहवाल द्यायचा आणि सोबत एक प्रतिज्ञापत्र. साक्षीदार नाहीत, उलटतपासणी नाही, कोणी कोणाला काही विचारत नाही. साठ दिवसांत खोल्या तुमच्या. दुसरं दार खाली, दिवाणी न्यायालय. तिथे जुना हुकूमनामाच रद्द करून मागायचा. साक्षी होणार, उलटतपासण्या होणार, तारखा पडणार. आठ वर्षं धरून चाला. आणि एका दारात अर्ज नोंदवला की दुसरं कायमचं बंद.”

“मग यात ठरवायचं काय आहे?”

“काही नाही. कायद्यानं विचारावं लागतं म्हणून विचारलं.” बोंद्रेबाईंनी एक छापील कागद काढला. “हे प्रतिज्ञापत्र. तेव्हा घरात राहणाऱ्या मोठ्या माणसाची सही लागते, म्हणजे तुमच्या आईची.”

कागदावर एकच महत्त्वाचं वाक्य होतं: सदर जागेतील भिंतींस प्रत्येक दिवाळीस चुना देण्यात येत असे व त्यात कोणत्याही वर्षी खंड पडला नाही.

रेवतीने तो कागद घडी न घालता पिशवीत ठेवला. परतीच्या गाडीत तिला हसू आवरेना. प्राधिकरणाचा माणूस काकींच्या हातात नोटीस देतोय, त्या मागच्या दाराचं कुलूप काढतायत, गल्ली बघतेय, असं सगळं तिने दोनदा मनात घडवून आणलं. तिसऱ्यांदा घडवण्याआधी वेळ घालवायला म्हणून तिने अहवाल उघडला.

तळापासून थर अकरावा. दिवाळी २००९ ते दिवाळी २०१०. प्रौढ पुरुष एक. प्रौढ स्त्री एक. मुलगी, वय दहा ते अकरा. मुलगा, वय पाच ते सहा.

तिचं हसू तिथेच गेलं. मुलगा म्हणजे प्रणव. तिचा धाकटा भाऊ. तो २००९च्या ऑगस्टमध्ये डेंग्यूने चार दिवसांत गेला होता. त्या थराचं वर्ष सुरू होण्याआधी दोन महिने.

*

आई गॅलरीत मेथी निवडत होती. रेवतीने तिला ती ओळ वाचून दाखवली.

“परत वाच,” आई म्हणाली.

रेवतीने परत वाचली.

“कंच्या सालात म्हणतंय ते?”

“दोन हजार नऊच्या दिवाळीपासून दहाच्या दिवाळीपर्यंत.”

आईने हातातली जुडी खाली ठेवली आणि कागद मागून घेतला. तिला चष्म्याशिवाय दिसत नव्हतं, तरी तिने त्या ओळीवरून बोट फिरवलं. “एक वरीस जास्त दिलं की गं त्याला,” ती म्हणाली. रेवतीला तिच्याकडे बघवेना.

“यंत्र चुकलं असणार,” रेवती म्हणाली.

“यंतर कशाला चुकंल? त्या साली आपण चुनाच मारला न्हाई. घरातलं पोरगं गेल्यावर दिवाळी कोण करतं? दोन वर्सांचं एकाच थराखाली गेलं असंल.”

इतकं साधं होतं ते. ज्या घरात कोणी गेलं, तिथे वर्षभर सण होत नाही, सफेदी नाही, रांगोळी नाही, फराळसुद्धा शेजारचे आणून देतात. एक थर एक वर्ष, हा नियम करणाऱ्या शहाण्यांच्याही घरांत हेच होत असणार, पण नियम करताना ते कोणाला आठवलं नाही.

“ठीक आहे,” रेवती म्हणाली. “दोन वर्षं तर दोन वर्षं. आपण राहत तर होतोच ना तिथे?”

आई मेथीची पानं गोळा करायला लागली.

“आई?”

“तुला जूनमधी हॉस्टेलात घातलं. त्या दिवाळीला तू कुठं आलीस?”

“मामाकडे.”

“आन उन्हाळ्याला?”

“मामाकडेच.” सुट्टी म्हणजे आजोळ, त्यात विचारण्यासारखं तिला कधी काही वाटलं नव्हतं. आता वाटलं.

“प्रणवचं बारावं झालं आन मला त्या खोलीत पाय टाकवंना,” आई म्हणाली. “दारामागं त्याचं दप्तर तसंच अडकवल्यालं हुतं. तुझ्या अण्णांनी कुलूप लावलं आन आमी मामाकडं गेलो. ते तिकडनंच डेरीत जायचे. कोर्टाचा कागद आला तवा परत आलो. पुढच्या जूनात.”

“म्हणजे कुलूप होतं.”

“हुतं.”

“पिसाळकाकी खरं बोलल्या.”

“खरं बोलली ती.”

“मग अण्णा कोर्टात खोटं का बोलले?”

“का बंद हुती, म्हणून पुढं इचारलं असतं की. मग प्रणवचं नाव घ्यावं लागलं असतं. ते त्यांच्या तोंडातनं घरात निघत नव्हतं, तर भरल्या कोर्टात कुठनं निघायचं? राहत हुतो म्हणाले आन उतरले खाली.”

रेवतीने तिथल्या तिथे बोंद्रेबाईंना फोन लावला आणि सहज विचारल्यासारखं विचारलं, की त्या वेळी खोली खरंच बंद असती, पण घरात मूल गेलं म्हणून बंद असती, तर?

“तर जागा जायला नको होती,” बोंद्रेबाई म्हणाल्या. “कायद्यात ‘सबळ कारणाशिवाय’ असे शब्द होते. पण कारण कोणीतरी कोर्टापुढे मांडायला हवं ना? कोर्टाला स्वप्न पडत नाही. का हो?”

“काही नाही,” म्हणून रेवतीने फोन ठेवला.

“पिसाळकाकींना माहीत होतं, खोली का बंद आहे ते?” तिने आईला विचारलं.

“आता काय सांगायचं,” आई म्हणाली. “दवाखान्यात नेताना रिक्षात तो तिच्याच मांडीवर हुता.”

*

दोन दिवस रेवतीचा राग बेघर झाला. ज्या खोटेपणावर तो उभा होता तो खोटेपणा तिच्याच बापाचा निघाला होता. दुकानात तिने एका गिऱ्हाइकाला चुकीच्या नंबरची काच बसवून दिली आणि एकावर विनाकारण ओरडली. तिसऱ्या दिवशी रागाला जागा मिळाली, आणि ती पहिल्यापेक्षा पक्की होती. खोटं बोलणारी बाई परवडली. तिला निदान भीती तरी वाटत असते. ही बाई खरं तेवढंच बोलली जेवढं तिच्या कामाचं होतं, आणि उरलेलं पदरात बांधून घरी घेऊन गेली.

मग सरळ वरच्या मजल्यावर का जाऊ नये? आईने सही केली की झालं. अर्ध्या खऱ्याला भिंतीचं अर्धं खरं. काट्याने काटा. रेवतीला त्यात पाप अजिबात वाटत नव्हतं. पण त्याआधी एकदा ते तोंड पाहायचं होतं, जे मागच्या वेळी पाहायला मिळालं नाही. ती पुन्हा गावी गेली.

पिसाळकाकींनी या वेळी चहा विचारला नाही. अहवालाची प्रत त्यांनाही मिळाली होती आणि ती त्यांच्या मांडीवर होती.

“त्या साली चुना नव्हता लावला तुमी,” त्या म्हणाल्या. “पोरगं गेल्यालं. मला ठावं हाय. तुला पण आता कळल्यालं दिसतंय.”

“मग सांगा ना प्राधिकरणाला.”

“तिथं कुणी बोलू देत न्हाई म्हणं. आन मला बोलायचं पण न्हाई.” त्यांनी अहवाल बाजूला ठेवला. “खोल्या घे तू. वरच्या मजल्यावर अर्ज टाक, मी एक अक्षर बोलणार न्हाई. पाहिजे तर लिहून देते, आज देते. फक्त खालच्या कोर्टात नको नेऊस.”

रेवती खोल्या हिसकावून घ्यायला आली होती. त्या ताटात वाढून समोर आल्यावर तिला त्यांची एकदम शिसारी आली.

“का? खाली काय आहे?”

“एकदा हुबी राहिलीय मी त्या पिंजऱ्यात. पुन्ना नको.”

“तेव्हा कोणाची बिशाद नव्हती तुम्हाला पिंजऱ्यात उभं करायची. तुम्ही स्वतः चढलात.”

“धाकट्याचं लगीन ठरलं हुतं. त्याला जागा पाहिजे हुती. मालकाला जागा लागत न्हाई का?”

“लागते. मागायची होती अण्णांकडे.”

काकींची मान हलत राहिली.

“कुलूप होतं, हे सांगितलंत,” रेवती म्हणाली. “ते का होतं, हे का नाही सांगितलं? तो तुमच्या मांडीवर होता. तुम्हाला तारीखसुद्धा पाठ असेल.”

“कुणी इचारलं न्हाई मला,” पिसाळकाकी म्हणाल्या. “तुमच्या वकिलानं न्हाई इचारलं, माझ्यानं न्हाई, साहेबांनी पण न्हाई. इचारलं असतं तर सांगितलं असतं.” मग त्या म्हणाल्या, “तवा मला वाटलं, इचारत न्हाईत ते बरंच हाय.”

आता ते तोंड रेवतीला नीट दिसलं. त्यावर पश्चात्ताप होता की नाही हे तिला ठरवता आलं नाही, पण भीती होती. खोल्या जाण्याची नाही, तो एक प्रश्न कोणीतरी मोठ्याने विचारील याची. चौतीस वर्षं आपण ज्या बाईची खोड मोडायला टपलो होतो, तिचं दुखणं कुठे आहे ते आज कळलं, असं रेवतीला वाटलं आणि तिला फार बरं वाटलं.

“लिहून द्यायची तसदी घेऊ नका,” ती म्हणाली आणि उठली.

*

जूनच्या शेवटच्या कामाच्या दिवशी रेवती आईला घेऊन कोर्टाच्या आवारात आली. बोंद्रेबाई हातात फाईल घेऊन जिन्यापाशीच उभ्या होत्या. पाच वाजता वरची खिडकी बंद होणार होती आणि खालचीही.

रेवतीने त्यांना सगळं सांगितलं. चुना न लावलेलं वर्ष, कुलूप, अण्णांची साक्ष, रिक्षा. बोंद्रेबाईंनी ऐकून घेतलं आणि फाईल काखेत धरली.

“हे तुम्ही मला सांगितलंत, म्हणजे आता ते प्रतिज्ञापत्र मी तुमच्याकडून करून घेऊ शकत नाही,” त्या म्हणाल्या. “दुसरा वकील घेतलात तर चार वाजेपर्यंत होईल कदाचित. त्याला हे सांगू नका.”

“मला वरती जायचंच नाही. खालीच घाला दावा.”

“रेवतीताई, शहाण्यानं कोर्टाची पायरी चढू नये म्हणतात, आणि तुम्ही लिफ्ट सोडून पायरी मागताय. खाली गेलात तर हा अहवाल आपल्याला आपल्याच हातानं फोडावा लागेल. तुमच्या वडिलांची जुनी साक्ष भर कोर्टात वाचली जाईल. शपथेवर खोटं बोलले, असं रेकॉर्डवर येईल. एवढं करून जिंकाल याची खात्री मी देत नाही. इतक्या वर्षांनी कोर्ट म्हणेल, कारण होतं तर तेव्हाच का नाही सांगितलं? आणि समोरची बाई त्र्याऐंशी वर्षांची. आठ वर्षं कुठे टिकते?”

“म्हाताऱ्या साक्षीदाराची साक्ष आधी घेता येते ना?”

“येते. अर्ज करावा लागतो. महिना-दोन महिन्यांत होते.”

“मग तेवढी करून द्या. पुढची आठ वर्षं तुमची.”

बोंद्रेबाईंनी तिच्याकडे पाहिलं. “तुम्हाला खोल्या नकोच आहेत.”

“त्यांना एक प्रश्न विचारायचाय,” रेवती म्हणाली. “शपथेवर. कुलूप का होतं?”

“पण मग तोच प्रश्न तुमच्या आईलाही विचारतील. त्यांचा वकील सोडणार नाही. कधी गेला, कशानं गेला, मग लगेच परत का नाही आलात, सगळं. दोन-दोन तास विचारतात.”

हे रेवतीच्या डोक्यात आलंच नव्हतं. तिने वळून आईकडे पाहिलं. आई व्हरांड्यातल्या बाकावर बसली होती आणि सगळं ऐकत होती. अण्णांच्या तोंडून जे नाव मरेपर्यंत निघालं नाही, ते आता या बहात्तर वर्षांच्या बाईकडून वदवून घेणार होते, तेही परक्या वकिलाच्या प्रश्नांवर. आपला सूड आईला फाडूनच पुढे जाणार असेल, तर काकींनी दिलेल्या खोल्या घेऊन गप्प बसलेलं बरं, असं पहिल्यांदाच रेवतीच्या मनात आलं. साडेतीन वाजले होते.

“आई, राहू दे,” ती म्हणाली. “आपण नको ते करायला. तुला तिथे उभं राहवणार नाही.”

आईने पदर नीट केला. “प्रणवचं सगळं सांगावं लागंल मला?”

“हो.”

“पहिल्या तापापासनं?”

“विचारतील ते सगळं.”

“आन मी सांगत असताना पिसाळीण कुठं असंल? बाहीर?”

“नाही,” बोंद्रेबाई म्हणाल्या. “त्या प्रतिवादी आहेत. त्यांची साक्ष आधी घ्यायची, मग लगेच तुमची. साहेबांना सांगून मी त्यांना समोर बसायला लावीन.”

“उठून जाता येणार न्हाई तिला?”

“नाही.”

“अख्खं ऐकावं लागंल?”

“अख्खं.”

आई बाकाचा आधार घेऊन उठली आणि तिने बोंद्रेबाईंपुढे सहीसाठी हात केला.

“मग खालीच घाल दावा,” ती म्हणाली.